मोटर फिरतेय, चाकं नाहीत

[क्लोजअप : वॉकमनच्या खिडकीतून दिसणारी कॅसेट. चाकं स्थिर.]

बटण दाबलं. आत मोटरची बारीक घरघर ऐकू येते, पण कॅसेटची चाकं जागची हलत नाहीत. वर्षानुवर्षं कपाटात पडून राहिलेला वॉकमन बहुतेक वेळा असाच 'मेलेला' सापडतो. मोटर फिरतेय ना? मग निम्मं काम झालंय.

सोनीनं पहिला वॉकमन जुलै १९७९मध्ये जपानात विकायला काढला. या यंत्रांच्या पोटात एक मोटर, एक रबरी पट्टा आणि एक जड फ्लायव्हील, म्हणजे वेग एकसारखा ठेवणारं चाक. फीत हेडवरून, म्हणजे तिच्यावरचा आवाज वाचणाऱ्या भागावरून, सेकंदाला ४.७६ सेंटिमीटर सरकली की गाणं वाजतं. लोक ही यंत्रं आज पुन्हा हुडकतायत, त्यात आठवणींचा वाटा आहेच. पण ज्यांना कॅसेटची आठवणच नाही, त्यांनाही ती ओढतात, कारण ती स्क्रूनं बंद केलेली आहेत, डिंकानं नव्हे.

[हात स्क्रू काढतोय.]

जपानी यंत्रांवरचे स्क्रू दिसायला नेहमीच्या फुलीसारखे, पण खाच वेगळी. साधा पेचकस वर सटकतो आणि डोकं झिजवतो. जेआयएस, म्हणजे जपानी मानकाच्या मापाचाच घ्या.

मागचं झाकण निघालं की पट्टा दिसतो. कधी सैल पडलेला, कधी चक्क वितळून डांबर झालेला. हे डांबर बोटांवरून सहज निघत नाही, हातमोजे घाला. ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि कापसाच्या काड्या घेऊन पुलीची खोबण पूर्ण साफ करा. तिथं कणभर गोळा राहिला, तर पुलीच्या प्रत्येक फेरीला सूर हेलकावतो आणि दोष मात्र नव्या पट्ट्याला दिला जातो.

पट्ट्याचं माप? ज्या वाटेनं पट्टा जातो त्या वाटेनं दोरा फिरवा. दोरा २०० मिलिमीटर भरला, तर आतला घेर पाच टक्के कमी, म्हणजे १९० मिलिमीटरचा पट्टा मागवा. व्यासात सांगायचं तर साधारण ६०. याहून घट्ट बसवला की मोटरवर ताण येतो आणि बॅटऱ्या भराभर उतरतात.

[फीत रोलरला गुंडाळलेली.]

कॅसेट खाण्याचं गुपितही बहुतेकदा या पट्ट्यातच. पिंच रोलर (रबरी रूळ) आणि कॅपस्टन (फिरती धातूची दांडी) मिळून फीत पुढे ढकलतात, ती गुंडाळून घ्यायचं काम दुसऱ्या चाकाचं. ते चाक सुस्तावलं की मोकळी फीत रोलरलाच लपेटते. रोलर गुळगुळीत, चकचकीत झाला असेल तर साबणाच्या पाण्यानं पुसा. रबर दगडासारखं टणक असेल, तर बदलण्याला पर्याय नाही.

बॅटरीच्या घरात पांढरी खरपुडी असेल तर अल्कलाइन सेल गळलेत. व्हिनेगरचे दोन थेंब, मग अल्कोहोल, मग पूर्ण वाळवण. सर्किटला माशासारखा वास आला तर कॅपॅसिटर, म्हणजे वीज साठवणारे छोटे भाग, गळलेत. नवे त्याच मायक्रोफॅरडचे (साठवण क्षमतेचं माप), व्होल्टेज तेवढंच किंवा जास्त. डाग देण्याआधी (सोल्डर करण्याआधी) ऋण बाजूची काळी खूण पाहा.

वेग सगळ्यात शेवटी. ३१५० हर्ट्झचा सूर भरलेली चाचणी कॅसेट लावा, यंत्र दहा मिनिटं चालू द्या, मग फोनवरच्या हर्ट्झ मोजणाऱ्या मापकात आकडा बघा. ३२१३ दिसला तर वेग दोन टक्के जास्त. बऱ्याच मोटरींच्या पाठीला बारीक भोक असतं, आतला स्क्रू केसभर फिरवला तरी पुरतं.

[हेडजवळचा स्प्रिंगचा स्क्रू.]

आवाज अजून कोंडलेला वाटतोय? हेड बहुतेक तिरपं बसलंय. मात्र जुळवणी घरी भरलेल्या कॅसेटवर करू नका. ती ज्या यंत्रावर भरली, त्याच्या हेडचा तिरपेपणा तिच्यात उतरलेला असतो. कंपनीनं भरलेली कॅसेट लावा, चुंबक नसलेला पेचकस घ्या आणि हेडजवळच्या स्क्रूशी पाव फेरीच्या आतच खेळा. झांजेची किणकिण मोकळी झाली की हात थांबवा. स्क्रूवर नेलपॉलिशचा एक थेंब सोडा, म्हणजे तो हलणार नाही.