एकशे दहा मिनिटं

(दृश्य : सकाळचा ईस्टर्न एक्स्प्रेस हायवे, व्हॅनच्या काचेतून)

विक्रोळीच्या अलीकडे सगळं ठप्प. या व्हॅनमध्ये शिशाच्या जाड डब्यात एक कुपी आहे. तिच्यात एफडीजी, म्हणजे किरणोत्सारी फ्लुओरिन-१८ जोडलेलं ग्लुकोज. कॅन्सरच्या पेशी साखर खूप खातात. हे ग्लुकोजही त्या ओढून घेतात आणि पेट स्कॅनमध्ये, म्हणजे तो किरणोत्सार टिपणाऱ्या तपासणीत, गाठ उजळून दिसते.

फ्लुओरिन-१८ मिळतं सायक्लोट्रॉनमधून, म्हणजे कणांना वेग देणाऱ्या यंत्रातून, ऑक्सिजन-१८ च्या पाण्यावर प्रोटॉनचा मारा करून. देशातला पहिला मेडिकल सायक्लोट्रॉन २००२ मध्ये आपल्या परळलाच, रेडिएशन मेडिसिन सेंटरमध्ये सुरू झाला. पण तयार झालेलं फ्लुओरिन साठवून ठेवता येत नाही. त्याचं अर्धायुष्य, म्हणजे निम्मं उरायला लागणारा वेळ, ११० मिनिटं.

(दृश्य : गाड्यांची रांग)

कुठला अणू कधी फुटेल, हे कुणालाच सांगता येत नाही. एखादा आत्ता फुटेल, शेजारचा रात्रीपर्यंत तसाच राहील. अणू म्हातारा होत नाही. इतका वेळ टिकला म्हणून त्याची फुटण्याची शक्यता वाढत नाही. पण कोट्यवधी अणू एकत्र घेतले, की ११० मिनिटांत निम्मे गेलेच. पुढच्या ११० मिनिटांत उरलेल्यांतले निम्मे. बर्फात ठेवा नाहीतर उकळा, फरक शून्य. अर्नेस्ट रुदरफोर्डने १९०० मध्ये मॉन्ट्रियलला थोरियममधून निघणाऱ्या वायूत हीच उतरण मोजली होती; तिथे साधारण दर मिनिटाला निम्मं.

(दृश्य : हॉस्पिटलची हॉट लॅब, म्हणजे किरणोत्सारी औषधं हाताळायची खोली. टेक्नॉलॉजिस्ट मॅडम फोनवर, व्हॅनच्या ड्रायव्हरशी)

"दादा, कुठे पोचलात?"
"ऐरोली जंक्शन, मॅडम. हलतच नाहीये."

समजा, सहा वाजता कुपीत १०० मिलिक्युरी (किरणोत्साराचं माप) होतं. सात पन्नासला ५०. एका पेशंटला १० धरलं, तर पाच जणांचं काम व्हायला हवं ना? होत नाही. इंजेक्शनं अर्ध्या-अर्ध्या तासाने द्यावी लागतात आणि कुपी तोवर उतरतच असते. तिघांना पुरतं, चौथ्याला कमी पडतं. व्हॅन तासभर उशिरा आली, तर दोघांनाच.

(दृश्य : डोसचा किरणोत्सार मोजणाऱ्या कॅलिब्रेटरचा आकडा, अगदी जवळून)

शिशाच्या काचेपलीकडे सिरिंज भरली जातेय. कॅलिब्रेटरवर १०.०२. मॅडम नाव लिहीपर्यंत ९.९९. पहिल्या पेशंटला थेंबभर द्रव पुरला होता. तिसऱ्यासाठी तेवढ्याच डोसला सिरिंज जास्त भरावी लागते. म्हणून इथे पेशंटची यादी घड्याळ बघून लावतात आणि ट्रॅफिक बघून पुन्हा लावतात. अॅम्ब्युलन्सला आपण वाट देतो, निदान द्यायचा प्रयत्न तरी करतो. या व्हॅनला ना सायरन, ना दिवा. शहराने तिचा विचारच केलेला नाही.

(दृश्य : वेटिंग हॉल)

उपाशीपोटी आलेल्या चौथ्या पेशंटला पुढची तारीख मिळते.

(दृश्य : वापरलेल्या सिरिंजचा शिशाचा डबा)

वापरलेल्या सिरिंज इथे बंद होतात. चोवीस तासांत तेरा अर्धायुष्यं उलटतात, उरतो आठ हजारांतला जेमतेम एक भाग. तो मोजून, नोंद करून मगच डबा रिकामा करतात. तोवर उद्याच्या कुपीची ऑर्डर गेलेली असते, वाटेतल्या ट्रॅफिकचा हिशेब धरून थोडी जास्तच.