एका रात्रीत तीन कुस्त्या

[मंचावरचं रिकामं सिंहासन. कॅमेरा हळूहळू मागे येतो, खाली प्रेक्षागृह दिसू लागतं.]

हे सिंहासन संध्याकाळभर रिकामंच राहणार आहे. त्यावर कोण बसणार, एवढ्यासाठी हा सगळा घाट.

१३ जून १९९३. अमेरिकेतल्या ओहायो राज्यातलं डेटन, तिथलं नटर सेंटर. डब्ल्यूडब्ल्यूएफ या कुस्तीच्या कंपनीचा 'किंग ऑफ द रिंग'. स्पर्धा जुनी, १९८५ पासूनची. पण तोवर ती तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकांपुरतीच होती. पे-पर-व्ह्यू म्हणून, म्हणजे त्या एका कार्यक्रमाचे वेगळे पैसे भरून घरच्या टीव्हीवर बघायची सोय, यंदा पहिल्यांदा. कंपनीचे असे मोठे कार्यक्रम वर्षाला चार होते. हा पाचवा.

[स्पर्धेचा तक्ता पडद्यावर भरतो. आठ नावं, चार जोड्या.]

खेळाच्या पानावर याला भाग्यपत्रिका म्हणतात. इथे भाग्याचा संबंध नाही. ही पत्रिका लिहिणारा माणूस असतो, आणि कोण जिंकणार हे त्याला आधीपासून ठाऊक असतं. आपल्याकडे ठरवून केलेल्या कुस्तीला नुरा कुस्ती म्हणतात, आणि तो शब्द शिवीसारखा वापरतात. तालमीच्या हिशेबाने ते रास्तच आहे. पण इथे फसवणूक हा मुद्दा नाही, रचना हा मुद्दा आहे. म्हणून आधी हा तक्ता नीट बघा.

ब्रेट हार्ट विरुद्ध रेझर रॅमोन. मिस्टर परफेक्ट विरुद्ध मिस्टर ह्यूज. बॅम बॅम बिगेलो विरुद्ध जिम डगन. लेक्स लूगर विरुद्ध टटांका. आठ गडी म्हणजे बाद पद्धतीने सात कुस्त्या. त्या रात्री झाल्या सहाच. लूगर आणि टटांका यांची पंधरा मिनिटांची वेळ संपली, कुस्ती बरोबरीत सुटली आणि दोघेही बाद झाले. त्यामुळे बिगेलोला उपांत्य फेरी खेळावीच लागली नाही. पहिल्या फेरीत डगनला त्याने झटपट उरकलं होतं. तो अंतिम फेरीत ताजातवाना येणार, आणि समोरचा दोन कुस्त्या अंगावर घेऊन. बरोबरीचा निकाल लोकांना आवडत नाही, शिट्ट्या पडतात. पण तक्त्यातला हा एक रिकामा चौकोन शेवटच्या कुस्तीचं निम्मं काम आधीच करून ठेवतो.

[रिंगचा जवळून फ्रेम. पंच दोर ओढून बघतो.]

वीस फूट लांब, वीस फूट रुंद. खाली लोखंडी तुळया, त्यावर लाकडी फळ्या, फळ्यांवर फोमचा पातळ थर आणि वर ताणलेलं कॅनव्हास. माती अंग झेलते, ही फळी झेलत नाही. पाठीवर पडताना हनुवटी छातीला टेकवायची, खांद्यांपासून कमरेपर्यंतचा भाग एकदम टेकवायचा आणि दोन्ही हात पसरून आपटायचे, म्हणजे मार एका जागी बसत नाही. चूक होते ती बहुतेक दोनच ठिकाणी. मान मागे राहते आणि डोकं आपटतं, नाहीतर घाबरून कोपर आधी टेकतं. 'धाड' असा आवाज येतो तो फळ्यांचा आणि त्यांखालच्या पोकळीचा. आवाज ठरलेला असला, तरी खालची फळी खरीच असते.

[पहिली कुस्ती. रेझर रॅमोनचा बूट, त्याखाली ब्रेटची बोटं.]

कार्यक्रमाची सुरुवातच ब्रेटपासून. रेझर उंचीने, वजनाने भारी. तो ब्रेटची बोटं तुडवतो. हा फ्रेम लक्षात ठेवा. इथे झालेली जखम पुढच्या दोन कुस्त्यांत सांभाळायची आहे. मार लागल्याचं दाखवण्याला या धंद्यात 'सेलिंग' म्हणतात. नवखा माणूस मार बसताना ओरडतो आणि दोन मिनिटांनी त्याच हाताने ठोसे मारू लागतो. ब्रेट डाव टाकून झाल्यावर हात झटकतो. पकड घट्ट बसत नाही, मग बोटं पुन्हा चाचपतो. जाणत्यांचा आणखी एक संकेत आहे. अमेरिकेत डावा हात, डावा पाय धरायचा, मेक्सिकोत उजवा. बाजू पक्की असली की दोन अनोळखी गड्यांनाही न बोलता कुस्ती करता येते.

[कोपऱ्यात दोरांवर दोघेजण. चित्र संथ होतं.]

आता शेवट. रेझर दोरांवर चढून ब्रेटला मागून कमरेत धरतो. त्याला पाठीवर आपटायचा बेत आहे. दोघे हवेत असताना ब्रेट अंग वळवतो आणि रेझरवर पडतो. वळायला एक क्षण उशीर झाला, तर मानेवर पडेल. लवकर वळला, तर रेझरला पाठ सपाट करायला वाव मिळणार नाही. खांदे टेकले, एक, दोन, तीन. रेझर हरला तो स्वतःच्याच धाडसामुळे, त्यामुळे उद्या त्याची जरब कमी होत नाही.

[मिस्टर परफेक्ट टॉवेल फिरवत येतो.]

उपांत्य फेरी कार्यक्रमाच्या मध्यावर ठेवली आहे. पहिली कुस्ती ब्रेटची, पाचवी ब्रेटची, नववी ब्रेटची. मधल्या कुस्त्या म्हणजे त्याचा विसावा. आणि प्रेक्षकांचाही, कारण लोकही दमतात.

मिस्टर परफेक्ट, म्हणजे कर्ट हेनिग. वडील लॅरी हेनिग मल्ल. ब्रेटचे वडील स्टू हार्ट यांनी कॅल्गरीतल्या घराच्या तळघरात पोरं घडवली; त्या तळघराला 'डंजन' म्हणत. कुस्तीआधी कॅमेऱ्यासमोर दोघांची जुंपते ती कोणाचा बाप भारी यावरून. दोघेही लोकांचे लाडके, त्यामुळे खलनायक कोणीच नाही. अशी कुस्ती लिहिणं सगळ्यात अवघड. शिव्या कोणाला द्यायच्या हे ठरलेलं नसतं, मग नुसत्या डावांवर लोकांना धरून ठेवावं लागतं.

[परफेक्ट ब्रेटला रिंगच्या काठावरून खाली ढकलतो. ब्रेट लोखंडी कठड्यावर.]

परफेक्ट हळूहळू वाकड्यात शिरतो. आधी हस्तांदोलन, मग काठावरून धक्का, मग ब्रेटची तीच दुखरी बोटं. एकोणीस मिनिटांच्या आसपास चाललेली ही कुस्ती आम्ही जवळजवळ सलग दाखवतोय, कारण कापावं असं तिच्यात फार थोडं आहे. शेवटी परफेक्ट 'स्मॉल पॅकेज' बांधतो. समोरच्याची मान एका बगलेत, पाय पायात अडकवलेला, माणसाचं गाठोडं. ब्रेट पकड सोडवायच्या भानगडीत पडतच नाही. त्याच गाठोड्यासकट कुशीवर लोळतो, वरचा खाली जातो आणि परफेक्टचेच खांदे टेकतात. डाव परफेक्टचा, विजय ब्रेटचा.

[छायाचित्रकाराच्या कॅमेऱ्यातून आगीचा भपका. हल्क होगन डोळे धरतो.]

यानंतरची कुस्ती कंपनीच्या अजिंक्यपदाच्या किताबाची, स्पर्धेबाहेरची. योकोझुनाने हल्क होगनला हरवलं आणि किताब नेला. होगन त्यानंतर डब्ल्यूडब्ल्यूएफच्या पे-पर-व्ह्यूवर दिसला तो थेट २००२ मध्ये.

[बिगेलो. टक्कल आणि त्यावर गोंदलेल्या ज्वाळा.]

अंतिम फेरी. बिगेलोचं जाहिरातीतलं वजन ३९० पौंड, म्हणजे १७५ किलोच्या पुढे. ब्रेट त्याहून दीडशे पौंडांनी हलका. रेझरने बोटं घेतली, परफेक्टने दम घेतला. बिगेलोच्या वाट्याला पाठ. तो ब्रेटला मिठीत आवळतो, गुडघ्यावर आपटतो, उचलून फेकतो. एवढा मोठा गडी ब्रेटला उचलतो तेव्हा ब्रेटच्या टाचा बघा. उचलण्याआधी तो हलकीशी उडी घेतो. उचलणाऱ्याला ती उडी मिळाली नाही, तर ताकद कितीही असो, पाठ त्याचीच जाते.

[रिंगबाहेर. महिला मल्ल लुना व्हॅशॉनच्या हातात खुर्ची.]

पंचाची नजर नसताना खुर्ची ब्रेटच्या पाठीत बसते. बिगेलो वरच्या दोरावरून डोकं घालत झेप घेतो, पंच तीन मोजतो. संपलं असं वाटतं. तेवढ्यात दुसरा पंच धावत येतो, घडलेलं सांगतो आणि कुस्ती पुन्हा सुरू होते. ही युक्ती रोज वापरली तर लोक मोजणीवर विश्वास ठेवायचं सोडतील. वर्षातून एकदा चालते.

[शेवटचा डाव. आधी संथ, मग मूळ गतीने.]

ब्रेट मागून बिगेलोच्या खांद्यांवर चढतो, मांड्यांमध्ये मान धरतो आणि पुढे झुकून खाली गोल फिरतो. बिगेलोचं वजनच त्याला ओढत नेतं. पाठ टेकते, ब्रेट त्याचे पाय हातात अडकवून वर बसतो. याला 'व्हिक्टरी रोल' म्हणतात. खांद्यावर बसून पुढे झुकताना ब्रेट कचरला असता, तर बिगेलो जागीच उभा राहिला असता आणि दोघांची फजिती झाली असती.

ब्रेटचा हुकमी डाव 'शार्पशूटर'. पायांची तिढी घालून समोरच्याला पालथा करायचं आणि पाठीवर बसायचं. तिन्ही कुस्त्यांत विजय त्या डावावर नाही. एकाच रात्री एकच शेवट तीनदा दाखवला असता, तर तिसऱ्यांदा लोक आधीच उठले असते. तीन गडी, तीन पडण्याच्या तऱ्हा, आणि ब्रेट रिंगमध्ये एकूण पाऊण तासाहून जास्त. दोनच महिन्यांपूर्वी, एप्रिलमध्ये, याच ब्रेटचा किताब योकोझुनाने घेतला होता आणि काही मिनिटांतच तो होगनकडे गेला होता.

[मंच. ब्रेटच्या खांद्यावर राजवस्त्र, हातात राजदंड.]

पुढच्या वर्षी हा मान ब्रेटच्या धाकट्या भावाने, ओवेनने मिळवला. १९९६ मध्ये स्टीव्ह ऑस्टिनने. पे-पर-व्ह्यू म्हणून स्पर्धा २००२ पर्यंत दरवर्षी चालली.

[मल्ल जेरी लॉलर मागून येतो.]

जेरी लॉलर स्वतःला आधीपासूनच 'किंग' म्हणवतो. एका गावात दोन राजे त्याला खपणार नाहीत. राजदंड ब्रेटच्या पाठीत बसतो, खुर्चीच्याच जागी. आणि सकाळपासून सजवून ठेवलेलं ते सिंहासन लॉलर उचलतो आणि ब्रेटच्या अंगावर टाकतो.

[आवाज बंद. चित्र चालू राहतं.]