हवामानवाल्या ताई

(दृश्य : स्टुडिओतील हिरवी भिंत)

ही भिंत कोरी आहे. घरी बसलेल्या प्रेक्षकाला तिच्यावर महाराष्ट्राचा नकाशा, अरबी समुद्रावर सरकणारे ढग आणि जिल्ह्याजिल्ह्यांवर भरलेले पिवळे, नारिंगी, तांबडे रंग दिसतात. तिच्यासमोर उभे राहून बोलणाऱ्या निवेदिकेला मात्र हिरव्या रंगाखेरीज काहीच दिसत नाही. कॅमेऱ्याच्या बाजूला ठेवलेल्या पडद्यावर स्वतःची छबी पाहत, आपला हात रत्नागिरीवर पडला आहे की कोल्हापुरावर याचा अदमास घेत, कानातल्या यंत्रातून येणाऱ्या सूचना ऐकत आणि मुठीतले बटण दाबून नकाशे पुढे सरकवत दीड-दोन मिनिटांत साऱ्या राज्याचे हवामान तिला सांगून संपवावे लागते. संगणक जिथे हिरवा रंग दिसेल तिथे नकाशा भरतो, त्यामुळे हिरवी साडी नेसलेल्या निवेदिकेच्या अंगावरच विदर्भ उमटू शकतो. नवरात्रात मुंबईच्या लोकलपासून कार्यालयांपर्यंत सगळीकडे दिवसाच्या रंगाची साडी नेसलेल्या स्त्रिया दिसत असताना, हिरव्या रंगाच्या दिवशी या स्टुडिओत मात्र दुसऱ्या रंगाची साडी आणून ठेवलेली असे.

या भिंतीसमोर ज्यांनी आपल्या नोकरीची बहुतेक वर्षे काढली, त्यांचे हे चित्रण आहे. आपल्या नावापेक्षा कामाविषयी बोलावे, ही त्यांची एकच अट होती. कुर्ल्याच्या वस्तीत त्यांना हवामानवाल्या ताई म्हणतात, म्हणून आपणही त्यांना ताईच म्हणू.

(दृश्य : कुलाबा वेधशाळेचा परिसर, पर्जन्यमापक)

बातमीपत्रात हवामान सांगण्याची जबाबदारी ताईंकडे आली तेव्हा त्यांच्या हाती रोज एक छापील पान दिले जाई आणि ते वाचून दाखवणे एवढेच अपेक्षित असे. त्या पानावरचे आकडे येतात कुठून, हे पाहण्यासाठी त्या सुट्टीच्या दिवशी कुलाब्याला जाऊ लागल्या. कुलाब्याच्या वेधशाळेची स्थापना १८२६ सालची आहे; इथल्या नियमित नोंदी १८४१ पासूनच्या आहेत, म्हणजे १८७५ मध्ये भारतीय हवामान विभाग स्थापन झाला त्याच्याही आधीपासून मुंबईचा पाऊस मोजला जात होता. इथे चुंबकीय नोंदीही होत असत. मुंबईत विजेवर चालणाऱ्या ट्राम येणार असे ठरले, तेव्हा त्या विजेचा उपद्रव या नोंदींना होऊ नये म्हणून १९०४ मध्ये ते काम अलिबागला नेण्यात आले. एका शहराने आपल्या नोंदी शुद्ध राहाव्यात म्हणून एवढी काळजी घेतली होती, ही गोष्ट ताई आजही प्रत्येक वर्गात सांगतात, आणि ती सांगण्यासारखीच आहे.

पाऊस मोजण्याची रीत साधी आहे. उघड्यावर, झाडांपासून आणि भिंतींपासून दूर, एक नळकांडे जमिनीत पक्के बसवलेले असते. त्याच्या तोंडावरच्या नरसाळ्यातून पाणी आतल्या बाटलीत उतरते. सकाळी साडेआठ वाजता निरीक्षक ती बाटली काढतो, पाणी रेघा आखलेल्या काचेच्या मापात ओततो आणि डोळा पाण्याच्या पातळीत आणून, काचेला चिकटून वर चढलेली कड सोडून, मधल्या खोलगट भागाचा आकडा वाचतो. मान थोडी वर राहिली तरी आकडा चुकतो. ‘गेल्या चोवीस तासांतला पाऊस’ म्हणून आपण बातम्यांत जे ऐकतो, तो काल सकाळी साडेआठपासून आज सकाळी साडेआठपर्यंतचा हिशेब असतो. एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एक चौरस मीटर जागेवर पडलेले एक लिटर पाणी. या हिशेबाने, शंभर मिलिमीटर पाऊस झाला तर दहा बाय दहाच्या खोलीच्या पत्र्यावर सुमारे ९३० लिटर पाणी पडते. ताईंनी हे गणित पहिल्यांदा मांडले ते स्वतःसाठी, पण पुढे त्यांच्या सगळ्या कामाचा पाया तोच ठरला, कारण मिलिमीटर ऐकून कोणी हलत नाही आणि साडेचार ड्रम पाणी म्हटले की प्रत्येक गृहिणी आपल्या मोरीकडे पाहते.

(दृश्य : २६ जुलै २००५ ची वृत्तचित्रे)

या दृश्यांवर बोलण्याची फारशी गरज नाही. ज्यांनी तो दिवस मुंबईत काढला त्यांना तो ठाऊक आहे. २७ जुलैच्या सकाळी साडेआठला संपलेल्या चोवीस तासांत सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. त्याच चोवीस तासांत कुलाब्याला अवघा ७३. एकाच शहराची ही दोन टोके, आणि त्यांच्यामध्ये मिठी नदी, विमानतळ, कुर्ला, कलिना. त्यातील बहुतांश पाऊस दुपारनंतरच्या काही तासांत कोसळला, आणि त्याच दुपारी समुद्राला मोठी भरती होती. पावसाचे ढग आणि त्यांची हालचाल टिपणारे डॉप्लर रडार मुंबईकडे त्या वेळी नव्हते. कुलाब्याचे रडार पुढे आले आणि उपनगरांवर नजर ठेवणारे वेरावलीचे रडार २०२२ मध्ये सुरू झाले.

ताई तेव्हा बातम्यांच्या टेबलावर नवख्या होत्या. त्या रात्री कार्यालयातच अडकून पडल्या असताना, दूरध्वनी करणारे लोक पाऊस किती पडला हे विचारत नव्हते, तर आमच्या गल्लीत पाणी आणखी चढेल का, एवढेच विचारत होते, आणि या प्रश्नाचे उत्तर कोणत्याच कागदावर नव्हते. शहराच्या गटारव्यवस्थेची जुनी क्षमता तासाला २५ मिलिमीटर पावसाची होती. ती ५० पर्यंत वाढवावी असे मुंबईतल्या पावसाच्या पाण्याच्या निचऱ्याविषयीच्या ब्रिमस्टोवॅड अहवालाने १९९३ मध्येच सांगितले होते. पंपिंग स्टेशने, रुंद केलेले नाले, हिंदमाता चौकात साचणाऱ्या पाण्यासाठी परळ परिसरात बांधलेल्या भूमिगत टाक्या ही सगळी कामे २००५ नंतर झाली. समुद्राची पातळी नाल्याच्या मुखाच्या वर गेली की शहराच्या सखल भागातले पाणी आपोआप बाहेर पडूच शकत नाही, ते उपसावे लागते. म्हणूनच मुंबईत पावसाचा अंदाज भरतीच्या वेळेशिवाय सांगणे म्हणजे अर्धीच बातमी देणे होय, असे ताई मानतात, आणि इतकी वर्षे ते पाहिल्यावर आम्हालाही तसेच वाटते.

(दृश्य : जुन्या बातमीपत्रांतील ताई)

पुढच्या काळात ‘विक्रमी’ हा शब्द त्यांच्या तोंडी फार वेळा येऊ लागला. २०१७ च्या २९ ऑगस्टचा मुंबईतला मुसळधार पाऊस. ३ जून २०२० रोजी अलिबागजवळ किनाऱ्यावर आदळलेले निसर्ग चक्रीवादळ. त्याच वर्षी ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात कुलाब्यालाच चोवीस तासांत झालेला तीनशे मिलिमीटरहून अधिक पाऊस. २०२१ च्या मे महिन्यात किनाऱ्याला समांतर गेलेले तौक्ते. यांपैकी प्रत्येक घटना वेगळी होती आणि कोणत्याही एका वादळाचे खापर थेट हवामानबदलावर फोडता येत नाही, हे त्या आवर्जून सांगत. तरीही हवा एक अंशाने तापली की तिच्यात सुमारे सात टक्के अधिक बाष्प मावते, हा भौतिकीचा नियम आहे, आणि अरबी समुद्र तापतो आहे, ही मोजलेली गोष्ट आहे. १९५० ते २०१५ या काळात मध्य भारताच्या पट्ट्यात विस्तृत भागावर होणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना तिपटीने वाढल्या आणि त्यांना बाष्प पुरवण्यात अरबी समुद्राचा मोठा वाटा आहे, असे दाखवणारा अभ्यास २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला, तेव्हा ताईंनी त्यावर तीस सेकंदांची जोड आपल्या बातमीपत्राला द्यायला सुरुवात केली.

ती जोड काही महिने चालली, नंतर जाहिरातींच्या वेळेत गेली. ताईंनी ती पुन्हा मागितली, पुन्हा गेली. अखेरीस त्यांनी नोकरी सोडली. त्यानंतरचा काळ पैशाच्या दृष्टीने ओढाताणीचा होता.

दूरचित्रवाणीवरच्या हवामान निवेदकांनी हे काम करावे, हा विचार एकट्या ताईंचा नाही. २०१४ मध्ये जागतिक हवामान संघटनेने निरनिराळ्या देशांतील निवेदकांना २०५० सालातले कल्पित बातमीपत्र सादर करायला सांगितले होते. फ्रान्सच्या एव्हलिन देलिया यांनी त्यात १८ ऑगस्ट २०५० चा जो तप्त नकाशा दाखवला, त्याच्याशी मिळतेजुळते आकडे फ्रान्सने पुढच्या काही उन्हाळ्यांतच पाहिले. ऑक्टोबर २०२४ मध्ये मिल्टन चक्रीवादळाचा दाब दहा तासांत पन्नास मिलिबारने उतरल्याचे सांगताना अमेरिकेतील मायामीचे हवामान निवेदक जॉन मोरालेस यांचा कंठ थेट प्रक्षेपणात दाटून आला. ती चित्रफीत ताई आपल्या मोबाइलवर वस्तीतल्या मुलांना दाखवतात. मुलांना मायामी नकाशात सापडत नाही, वाऱ्याचे चाक मात्र बरोबर समजते.

(दृश्य : कुर्ला, मिठीकाठ, दुपार)

हे कुर्ल्यातील क्रांतीनगर. गल्लीच्या टोकाला मिठी वाहते. विहार आणि पवई तलावांच्या सांडव्यांपासून निघालेली ही नदी माहीमच्या खाडीला मिळते, आणि मोठ्या पावसात तिचे पाणी वाढले की इथल्या लोकांना जवळच्या पालिका शाळेत हलवले जाते. या घराचा उंबरठा पहा. तो दोनदा उंच केलेला आहे. खालचा काळा दगड, त्यावर विटांचा थर आणि वर लादी. माळ्यावर जाण्याच्या शिडीच्या चौथ्या पायरीवर तांबड्या तैलरंगाची एक रेघ आहे. ती ताईंनी मारलेली नाही. या घरच्या आजींनी, पाणी जिथवर आले होते तिथे, मुलाकडून मारून घेतली आहे, आणि तांदळाचा डबा, शाळेची दप्तरे, गॅसचे पुस्तक व आधार कार्डे पावसाळ्याचे चार महिने त्या रेघेच्या वरच राहतात.

भिंतीवरच्या दिनदर्शिकेत पेन्सिलीने काही तारखांभोवती गोल केलेले आहेत. हे उधाणाच्या भरतीचे दिवस. भरतीची वेळ काढण्याची रीत ताईंना माहीमच्या कोळीवाड्यातील एका काकींनी शिकवली. तिथीच्या आकड्याची पाऊणपट करायची, जे येईल ती ढोबळमानाने पूर्ण भरतीची वेळ. दशमी असेल तर साडेसात. पौर्णिमा किंवा अमावास्या असेल तर सव्वाअकराच्या आसपास, म्हणजे भर दुपार व्हायच्या सुमारास, आणि तीच उधाणाची. छापील वेळापत्रकाशी ताडून पाहिले तर थोडा फरक पडतो, पण वीज गेलेल्या आणि मोबाइल बंद पडलेल्या रात्री हे गणित कोणत्याही आजीला तोंडी करता येते. ताईंचा वर्ग इथेच, या ओट्यावर भरतो. नारिंगी इशारा आला, पौर्णिमा जवळ आहे, पाऊस सकाळी दहाला सुरू झाला, तर काय करायचे, असा प्रश्न त्या घालतात आणि उत्तर स्त्रियांनी द्यायचे असते.

‘गादी वर, मोटरचा बटण बंद, आणि पोरं शाळेत असतील तर तिथंच ठेवा म्हणून बाईंना फोन,’ असे एका सुनेने सांगितले. तिच्या सासूने त्यात भर घातली, ‘आणि आंब्याच्या लोणच्याची बरणी.’

गल्लीच्या तोंडाशी असलेल्या शाळेच्या गच्चीवर ताईंनी एक पर्जन्यमापक बसवून घेतला आहे. सातवीची मुले पाळीने सकाळी आकडा वाचतात, डोळा पातळीत आणून, कुलाब्याचा निरीक्षक वाचतो तसाच, आणि तो फळ्यावर मिलिमीटरमध्ये न लिहिता आधी ड्रममध्ये लिहितात. महापालिकेच्या स्वयंचलित केंद्रांच्या आकड्याशी तो ताडून पाहण्याचे काम वर्गातल्या सर्वांत शंकेखोर मुलीकडे दिलेले आहे.

उन्हाळ्याचे चित्रीकरण आम्हाला फारसे करता आले नाही. तरी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे : १६ एप्रिल २०२३ रोजी खारघरला महाराष्ट्र भूषण पुरस्काराच्या सोहळ्यानंतर उष्माघाताने चौदा माणसे दगावली. वेधशाळेतला तापमापक झडपांच्या पांढऱ्या लाकडी पेटीत, सावलीत, वारा खेळेल असा ठेवलेला असतो. माणसे तशी बसलेली नसतात.

(दृश्य : मे २०२५, दक्षिण मुंबई)

२०२५ मध्ये मोसमी पाऊस मुंबईत २६ मे रोजीच दाखल झाला. त्याची नेहमीची तारीख ११ जून आहे. गेल्या पंचाहत्तर वर्षांत तो इतक्या लवकर आला नव्हता. त्या दिवशी आचार्य अत्रे चौकाच्या भूमिगत मेट्रो स्थानकात पाणी शिरले, ते हेच. नालेसफाईची सगळी कामे जूनच्या हिशेबाने आखलेली असतात, आणि पाऊस आता तो हिशेब पाळीलच असे नाही.

मुंबई महापालिकेने मार्च २०२२ मध्ये हवामान कृती आराखडा प्रसिद्ध केला आणि २०५० पर्यंत निव्वळ शून्य उत्सर्जनाचे उद्दिष्ट जाहीर केले. त्याआधी, जून २०२० मध्ये, पुराचा अंदाज प्रभागवार देणारी आयफ्लोज ही यंत्रणाही सुरू झाली आहे. ही माहिती घराघरांत पोहोचवण्याचे साधन आजही दूरचित्रवाणीच आहे, असे ताईंना वाटते. मराठी वाहिन्यांनी पावसाळ्यात प्रत्येक बातमीपत्रात पावसाच्या अंदाजाबरोबर भरतीची वेळ आणि प्रभागांची नावे द्यावीत, आणि आराखड्यातले कोणते काम कोणत्या प्रभागात कुठवर आले हे महिन्यातून एकदा त्याच जागी सांगावे, हा त्यांचा प्रस्ताव आहे. तो घेऊन त्या संपादकांना भेटत आहेत. दोन वाहिन्यांनी त्यांच्या तरुण निवेदकांना दोन दिवस क्रांतीनगरात पाठवण्याचे मान्य केले आहे, आणि तारीख ताईंनी दिनदर्शिकेवर पाहून ठरवली आहे : येत्या अमावास्येचा आदला दिवस.