आतांग दे ला रामा : मूकपटातली गायिका

फिलिपीन्सच्या पहिल्या चित्रपट-नायिकेबद्दल बोलायचं तर आधी नाटकाकडे जावं लागतं. होनोराता दे ला रामा, लोकांची ‘आतांग’, 1902 साली मनिलातल्या पांडाकानमध्ये जन्मली आणि सातव्या वर्षापासून स्पॅनिश सार्सुएलांत कामं करू लागली. सार्सुएला म्हणजे संवाद आणि गाणी आलटूनपालटून येणारं नाटक. संगीत नाटकांवर पोसलेल्या आपल्या लोकांना ते वेगळं समजावून सांगायला नको. फरक एवढाच, की त्या वर्षांत आपल्याकडे बालगंधर्व नायिका रंगवत होते आणि मनिलात ते काम बायकाच करत होत्या.

पंधराव्या वर्षी तिला तागालोग या तिथल्या भाषेतलं ‘दालागांग बुकिद’ हे नाटक मिळालं. संहिता एर्मोहेनेस इलागान यांची, संगीत लेओन इग्नासिओ यांचं. फुलं विकणारी आनहेलिता. तिचं मन एका विद्यार्थ्यावर, आणि घरचे निघालेत तिला पैसेवाल्या म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधायला. देवलांची ‘शारदा’ आठवली असेल!

1919 मध्ये होसे नेपोमुसेनो यांनी याच नाटकाचा चित्रपट केला. फिलिपिनो दिग्दर्शकाचा हा पहिला कथापट. गोष्ट, गाणी आणि नायिका आधीच लोकांच्या तोंडी होती, तेव्हा निवड व्यवहाराला धरूनच होती. पण पट मुका. गाण्यांवर चाललेल्या नाटकातून गाणीच वजा केली तर उरणार काय? म्हणून खेळ सुरू असताना आतांग स्वतः थिएटरात ‘नाबासाग आंग बांगा’ गायची. साथीला व्हायोलिन, ट्रम्पेट आणि पियानो. शब्दांचा अर्थ ‘घागर फुटली’. गौळणी ऐकलेल्यांना त्यातली खोच सांगायला नको.

हे दिसतं तेवढं सोपं नव्हतं. मूकपटाचा वेग पक्का नसे. सेकंदाला 16 चौकटी धरल्या तर हजार फुटांचं रीळ साधारण 17 मिनिटं चालतं, 20 धरल्या तर 13 मिनिटांतच संपतं. नाटकात गायिका थांबली तर वादक थांबतात, प्रेक्षकांनी पुन्हा मागितलं तर कडवं पुन्हा घेता येतं. पडद्यावरची आनहेलिता कुणासाठी थांबत नाही. त्यामुळे लय गळ्याने नव्हे, डोळ्यांनी धरायची. शिवाय रीळ चार गावांना पाठवता येतं, गळा एकाच ठिकाणी असतो. म्हणजे तिच्याविना झालेला खेळ हा अर्धाच खेळ.

त्या चित्रपटाची एकही प्रत आज उरलेली नाही. नायट्रेटची फिल्म दमट उष्ण हवेत आधी चिकट होते, मग तिची भुकटी होते. ठिणगी पडली तर भडकते. त्यात 1945 च्या लढाईत मनिला बेचिराख झालं.

आतांगची कारकीर्द मात्र पडद्यावर अवलंबून नव्हती. सार्सुएला, बोदाबिल (गाणी, नाच आणि विनोदी तुकड्यांचा करमणुकीचा खेळ), आणि मुख्य म्हणजे कुंदिमान: तीन मात्रांच्या चालीतलं, बहुधा उदास स्वरांत सुरू होऊन पुढे उजळणारं प्रेमगीत. ते तिने परदेशांतही गायलं. 1987 मध्ये तिला ‘राष्ट्रीय कलाकार’ हा किताब मिळाला, नाट्य आणि संगीत या क्षेत्रांसाठी. चित्रपटाचं नाव त्यात नव्हतं.