ळ कोवळा, ळ काळा

(दृश्य: घरचा गणपती. टाळ, झांजा, निरांजन.)

'सुखकर्ता' संपते, टाळ क्षणभर थांबतात आणि घरातलं शेंडेफळसुद्धा बेंबीच्या देठापासून सुरू करतं: 'लवथवती विक्राळा, ब्रह्मांडी माळा...' अर्थ विचारलात तर निम्मे जण एकमेकांकडे बघतील. पण समोर कुणीतरी भयंकर उभं आहे, हे मात्र सगळ्यांना कळलेलं असतं.

कशावरून? सतराव्या शतकात रामदासांनी पहिल्या दोन ओळींतच चारदा ळ पेरला. विक्राळा, माळा, काळा, ज्वाळा.

(दृश्य: पाळण्याची दोरी.)

आता हाच ळ इथे ऐका. बाळ. जावळ. सावळा. कोवळा. अक्षर तेच, मग धाक कुठे गेला?

(दृश्य: बोलणारं तोंड, अगदी जवळून.)

जिभेकडे बघा. 'कोवळा' म्हणताना श्वास फारसा कुठे अडत नाही. 'विक्राळा'त मात्र क आणि र एकमेकांवर चढून बसलेत. तिथे तुंबलेला श्वास पुढच्या लांब 'आ'मधून सुटतो. दरारा आहे तो त्या 'क्रा'चा. ळ बिचारा उगाच बदनाम.

काश्मीरच्या मम्मट या काव्यशास्त्रकारानं 11व्या शतकात, 'काव्यप्रकाशा'त, याचे नियमच घालून दिले. माधुर्य हवं? ट, ठ, ड, ढ टाळा, अनुनासिकं जोडून येऊ द्या: मंद, चिंब, कुंज. ओज, म्हणजे जोश हवा? मग जोडाक्षरं, रेफ (जोडून आलेला र), श-ष, ट-ठ-ड-ढ आणि लांबलचक समास.

नियम पक्का वाटतो, बालकवी भेटेपर्यंत. 'आनंदी आनंद गडे, इकडे तिकडे चोहिकडे'. चार ड, आणि एकही टोचत नाही! मराठीत दोन स्वरांमधला ड टाळूला नुसता चाटून जातो, म्हणून. 'कडकडाट' म्हणून पाहा. पहिला ड थेट क वर आदळतो, शेवटचा ट दार आपटतो.

(दृश्य: आभाळ भरून आलेलं.)

लिहिताना पावसाला नुसतं 'पडला' म्हणून सोडू नका. रिमझिमला? बरसला? की कोसळला? या 'कोसळला'त ना जोडाक्षर, ना ट-ठ; तरी छप्पर हादरतं. तिथे अर्थच नादावर कुरघोडी करतो, मम्मटाचा इलाज चालत नाही.

(दृश्य: पत्र्याचं छप्पर. मग परसातली केळ.)

पत्र्यावर ताडताड.

केळीच्या पानावर टप... टप.

(निवेदन थांबतं. पाऊस ऐकू येत राहतो.)