खरखर सेटमध्ये नव्हतीच

नमस्कार श्रोतेहो. आधीच सांगून टाकतो, मी शास्त्रज्ञ वगैरे नाही. माझं आयुष्य रेडिओ दुरुस्तीत गेलं, व्हॉल्व्हचे सेट पाहिले, मग ट्रान्झिस्टर आले, मग टीव्ही, आणि शेवटी दुकानात मोबाइलची कव्हरं लटकली. त्यामुळे विजेवर बोला म्हटल्यावर मला पहिल्यांदा आठवले ते आमचे गिऱ्हाईक आप्पा.

मे महिना, वळवाचे दिवस, दुपारचे चार वाजले असतील. आप्पा सायकलच्या कॅरिअरला सेट बांधून दुकानात आले आणि म्हणाले, "आरं ह्यो लय खरखरतोय, बातम्या काय कळंनात." मी सेट उघडला, व्हॉल्यूम कंट्रोलमध्ये पेट्रोलचे दोन थेंब सोडून तो चार-सहा वेळा फिरवला, बँड स्विच पुसला, एरियल कॉइलचे जोड पुन्हा सोल्डर केले, खरखर आहे तशीच. वैतागून दुकानातला माझा स्वतःचा सेट लावला तर तोही खरखरतोय! दोन सेट एकदम एकाच रोगानं कसे आजारी पडतील? बाहेर तर लख्ख ऊन, फक्त लांब पूर्वेला ढगांचा एक बुरूज उभा होता आणि गडगडाटाचा पत्ताच नव्हता. तासाभरानं वारं सुटलं, धूळ उडाली, धो धो कोसळला, आणि रात्री आठच्या सुमारास आभाळ मोकळं झालं तसा आप्पांचा सेट आपोआप स्वच्छ वाजायला लागला. आप्पांना वाटलं मीच दुरुस्त केला. पाच रुपये दिले. मी घेतले, खोटं कशाला बोलू, पण चहा पाजला.

तर ती खरखर सेटमध्ये नव्हतीच, त्या बुरुजातनं येत होती. तुम्ही घरी कधी ऐकलं असेल, ट्यूबलाइटचा स्टार्टर लुकलुकतो तेव्हा शेजारच्या रेडिओत टक टक होतं. करंट एकदम बदलला की तारेतून विद्युतचुंबकीय लहर बाहेर पडते, एवढंच. आपल्या घरातला मोठा प्लग 15 अँपिअरचा, आणि आभाळातनं जमिनीवर पडणाऱ्या साध्या विजेत करंट 30 हजार अँपिअरच्या आसपास जातो, तोही काही मायक्रोसेकंदांत, आणि तिथली हवा तापते 30 हजार अंशांपर्यंत. म्हणजे किलोमीटरभर उंचीची एरियलच झाली की ती, आणि ट्रान्समीटर सुद्धा तीच! आणि एक बघा, रेडिओत नुसतं टक होत नाही, खर्रर्र असं फाटल्यासारखं वाजतं, कारण एका विजेत त्याच वाटेनं तीन-चार झटके एकापाठोपाठ खाली येतात. वीज डोळ्यांना थरथरताना दिसते ती ह्याच झटक्यांमुळं.

आत्ता तुम्ही मला एफएमवर ऐकत असाल तर म्हणाल कुठंय खरखर. एफएममध्ये आवाज लहरीच्या उंचीवर नाही तर कंपनांच्या फरकावर बसवलेला असतो, त्यामुळे वरचेवर लागणारे धक्के सेट छाटून टाकतो, शिवाय विजेची ताकद तिथवर, म्हणजे शंभर मेगाहर्ट्झपर्यंत पोचता पोचता फार उरत नाही. मध्यम लहरींवर मात्र सगळं ऐकू येतं. आणि गंमत म्हणजे रेडिओचा जन्मच या खरखरीसाठी झाला असं म्हटलं तरी चालेल, कारण रशियात पोपोव्ह यांनी 1895 साली जो रिसीव्हर करून दाखवला तो वादळातल्या विजा टिपणारा होता. माणसाचं बोलणं रेडिओवर यायला अजून बराच अवकाश होता, पण विजेचा कार्यक्रम चालू झालेला होता!

पण खरी मजा खाली, म्हणजे कमी कंपनांच्या बाजूला आहे. विजेच्या लहरींचा जोर सगळ्यात जास्त असतो 5 ते 10 किलोहर्ट्झला. रेडिओवाल्याच्या दृष्टीनं हा आकडा भन्नाट आहे, कारण आपला कान साधारण 20 हर्ट्झ ते 20 किलोहर्ट्झ ऐकतो. म्हणजे इथं ट्युनिंग नको, गँग कंडेन्सर नको, डिटेक्टर नको, लांब तार किंवा भरपूर वेढ्यांची कॉइल घ्या, अॅम्प्लिफायरला जोडा, हेडफोन लावा, झालं. मी हे केलं. पहिल्या रात्री काय ऐकू आलं तर हूऽऽऽ, आपल्या लाइटच्या तारांची 50 हर्ट्झची भुणभुण, बाकी काही नाही. मग गावाबाहेर माळावर गेलो, तिथं शेतीपंपांची लाइन. शेवटी एका रात्री लोडशेडिंग झालं, सगळं गाव काळंठिक्कर, लोक शिव्या घालतायत आणि मी कॉइल घेऊन गच्चीवर पळतोय. लोडशेडिंगचा फायदा झालेला त्या भागात मी एकटाच माणूस असेन.

(इथे ट्वीकचं रेकॉर्डिंग, 10 सेकंद)

ऐकलंत? मागं तेलात पापड तळल्यासारखी जी चरचर आहे ना, त्या हजारो किलोमीटरवरच्या विजा. आणि मधेच जे टुंग, ट्यूंग असं वाजलं, हौदात थेंब पडावा तसं, त्याला ट्वीक म्हणतात. ही लहर खाली जमीन आणि वर आयनांबर, म्हणजे आपलं आयनोस्फिअर, हवेचा तो उंचावरचा विद्युतभारित थर, या दोघांच्या मधल्या पोकळीत उसळ्या मारत येते. रात्री आयनांबराची खालची कड 85-90 किलोमीटरवर असते, आणि एवढ्या उंचीच्या बोळकांडीत साधारण 1.7 किलोहर्ट्झच्या जवळच्या लहरी रेंगाळतात. वरच्या कंपनांचा आवाज आधी पोचतो, खालच्यांचा पाय ओढत मागनं, म्हणून शेवटी ते टुंग लांबतं. दिवसा ही कड 70 किलोमीटरपर्यंत खाली येते आणि लहरी शोषल्या जातात, म्हणून ट्वीक ऐकायचे तर रात्रच हवी. त्या टुंगचा सूर मोजला की आयनांबर किती उंचीवर आहे ते काढता येतं. रॉकेट नको काही नको, मला तर ही गोष्ट कळली तेव्हा अर्धा तास झोपच आली नाही.

याहून लांबचा प्रवासी म्हणजे व्हिसलर, विजेचीच लहर पण शिट्टीसारखी वाजणारी. 1894 साली ब्रिटनमध्ये तारायंत्राच्या तारांना जोडलेल्या टेलिफोनवर विचित्र शिट्ट्या ऐकू आल्याची नोंद आहे. मग पहिल्या महायुद्धात जर्मनीचे बार्कहाउझेन शत्रूचे टेलिफोन चोरून ऐकायला अॅम्प्लिफायर लावून बसायचे, त्यात वरून खाली घसरत येणाऱ्या शिट्ट्या यायच्या, पीईऊऊ अशा, आणि आघाडीवरचे सैनिक म्हणायचे की तोफगोळे उडतायत ते ऐकू येतंय. बार्कहाउझेन यांनी ते थट्टेवारी नेलं नाही, युद्धानंतर 1919 ला छापलं. उलगडा व्हायला 1953 उजाडलं, केंब्रिजमधल्या स्टोरी नावाच्या तरुण संशोधकानं दाखवलं की विजेच्या लहरीचा काही भाग आयनांबरातून निसटतो, पृथ्वीच्या चुंबकीय रेषेला धरून अंतराळात हजारो किलोमीटर बाहेर जातो आणि कमान करून दुसऱ्या गोलार्धात उतरतो. वाटेत बारीक कंपनं आधी आणि जाड मागून, म्हणून ती उतरती शिट्टी. आता लहर अशी ढेपाळत यायची तर तिकडं वर इलेक्ट्रॉन असायलाच हवेत, आणि तोवर लोक समजत होते तिथं जवळपास काही नाही! एकही उपग्रह वर गेलेला नव्हता तेव्हा. पुढं 1979 ला व्हॉयेजर यान गुरूजवळून गेलं तेव्हा तिथंही अशाच शिट्ट्या मिळाल्या, म्हणजे गुरूवरही विजा कडाडतात.

माझ्या कॉइलला मात्र व्हिसलर एकदाही लागलेला नाही. आपण विषुववृत्ताच्या जवळ, इथल्या चुंबकीय रेषा बुटक्या कमानीच्या, त्यामुळे इथं तो दुर्मीळ. गुलमर्ग, नैनिताल, वाराणसी इथं मिळालेत, तिथल्या अभ्यासकांनी वर्षानुवर्षं रात्री जागून टिपलेत. आणि तारांची भुणभुण सगळ्यांनाच पळवते हं. मुंबईत कुलाब्याच्या वेधशाळेत पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी व्हायच्या, घोड्यांच्या ट्राम जाऊन विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर ते काम 1904 ला समुद्रापलीकडं अलिबागला न्यावं लागलं. तेव्हा माझं गच्चीवर पळणं म्हणजे काहीच नाही.

आता ते 'पृथ्वीच्या हृदयाचे ठोके' म्हणून व्हॉट्सअॅपवर फिरतं त्याकडं येतो, कारण कोणीतरी विचारणारच. आधी ते मुळात काय आहे ते बघू. लहर सेकंदाला 3 लाख किलोमीटर जाते, पृथ्वीचा घेर 40 हजार, म्हणजे सेकंदात साडेसात फेऱ्या. जगभरात दर सेकंदाला 40-45 विजा चमकतात, माझं बोलणं दहा मिनिटं चाललं तर तेवढ्यात पंचवीस हजारांच्या आसपास झाल्या, आणि त्या सगळ्या मिळून जमीन आणि आयनांबर यांच्यातली पोकळी घंटेसारखी वाजवत ठेवतात. म्युनिकच्या शूमान यांनी 1952 ला हे गणितानं सांगितलं, 1960 मध्ये अमेरिकेत ते नीट मोजलं गेलं. मूळ सूर 7.83 हर्ट्झच्या आसपास, त्यावर 14, 20 असे पुढचे. दिवसातून तीनदा याचा जोर चढतो, आपल्या घड्याळात दुपारी दीडच्या सुमारास आग्नेय आशियातल्या विजांनी, संध्याकाळी साडेसातला आफ्रिकेतल्या आणि मध्यरात्री दीडला दक्षिण अमेरिकेतल्या, जिथं दुपार टळलेली तिथं विजा. उष्ण प्रदेश तापला की विजा वाढतात आणि सूर जोर धरतो, म्हणून काही शास्त्रज्ञ याकडं पृथ्वीचा थर्मामीटर म्हणून बघतात.

आता फॉरवर्ड काय येतो, तर हे पृथ्वीच्या हृदयाचे ठोके आहेत, ॐचा नाद आहे, हल्ली वाढलेत म्हणून तुम्हाला झोप लागत नाही, आणि शेवटी कुठलंतरी यंत्र विकत घ्या. अहो, हा ध्वनी नाही, विद्युतचुंबकीय लहर आहे, नुसत्या कानाला ऐकू यायचा प्रश्नच नाही. आणि ताकद किती, तर एक पिकोटेस्लाच्या घरात, पृथ्वीचं नेहमीचं चुंबकत्व त्याच्या कोट्यवधी पट. ती पकडायला माणसाएवढ्या लांबीच्या, हजारो वेढ्यांच्या कॉइल जमिनीत पुरून ठेवतात, मी दोनदा प्रयत्न केला, बायको म्हणाली अंगणात काय मढं पुरताय का. मिळालं काही नाही. तेव्हा झोप लागत नसेल तर फोन बाजूला ठेवा.

कामाची गोष्ट म्हणजे याच लहरींवरून वीज नेमकी कुठं पडली ते काढता येतं. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेनं ठिकठिकाणी सेन्सर बसवलेत, एकच कडकडाट या सेन्सरला आधी पोचतो, त्या सेन्सरला मायक्रोसेकंदांनी उशिरा, आणि एका मायक्रोसेकंदात लहर 300 मीटर जाते, त्या फरकावरून जागा ठरते. त्यांचं दामिनी अॅप आहे, जवळपास विजा पडत असल्या की फोनवर सांगतं. आपल्याकडं भर जुलैतल्या झडीपेक्षा वळवात आणि परतीच्या पावसात विजा जास्त, आणि नेमकी तेव्हाच शेतात माणसं असतात.

आप्पांकडं स्मार्टफोन नाही. पण मी त्यांना एक शिकवून ठेवलंय, मध्यम लहरींवर स्टेशन नसलेल्या जागी काटा ठेवायचा आणि ऐकायचं. गडगडाट फार तर पंधरा-वीस किलोमीटरवरचा ऐकू येतो, खरखर शे-दोनशेवरची सुद्धा येते. अधनंमधनं टक झालं तर लांब आहे, दाट व्हायला लागली तर झाडाखाली थांबायचं नाही, सरळ पक्क्या घरात, आणि बाहेरची एरियल काढून ठेवायची. नाहीतर पुन्हा सेट माझ्याकडं, आणि तेव्हा एरियल कॉइल खरंच जळालेली असते, वासच येतो दुकानभर.

परवा परतीच्या पावसात त्यांचा फोन आला. नमस्कार नाही, चमत्कार नाही. मागं रेडिओ खर्रर्र खर्रर्र वाजतोय आणि हे ओरडतायत, "आरं मास्तर, लय दाट झालीया, भुईमूग राहू दे का आत घिऊ?" म्हटलं आप्पा, भुईमूग राहू द्या, तुम्ही आत या.