पावणं, कुठलं?

नमस्कार श्रोतेहो.

आपल्याकडं दारात अनोळखी माणूस उभा राहिला की पाण्याचा तांब्या पुढं करता करताच घरातलं कुणीतरी विचारतं, "काय पावणं, कुठलं?" त्या एका प्रश्नात सगळं येतं. गाव कळतं, कुणाकडचा ते कळतं, आणि सोप्यात बसवायचा की आत माजघरात न्यायचा तेही ठरतं. हा प्रश्न जिथं कुणी विचारतच नाही अशा एका जागेबद्दल आज बोलणार आहे. मोबाइलवरचे, कॉम्प्युटरवरचे ऑनलाइन खेळ.

2025च्या जुलैत युनेस्कोनं मराठ्यांचे 12 किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, त्यात आपला पन्हाळाही आला. घरात दोन दिवस तोच विषय. माझी पुतणी सातवीत आहे. तिनं जाहीर केलं, "काका, मी पन्हाळ्याचा तीन दरवाजा बांधणार." माइनक्राफ्टमध्ये. हा ठोकळे रचून आपलं जग उभं करायचा खेळ. मी तिच्या हाताखालचा पाथरवट. ती सांगेल तिथं दगड लावायचे, चुकलं की काढायचे. तीन आठवडे आम्ही रोज संध्याकाळी तासभर खपत होतो. कमानी झाल्या, दोन दारांमधला चौक झाला, शेजारची अंधारबावसुद्धा खणून झाली.

एका रात्री ती खेळ तसाच चालू ठेवून जेवायला उठली. भाकरी खाऊन परत येते तर चौकाच्या जागी खड्डा. कुणीतरी आत येऊन सुरुंग लावले होते आणि जाताना चॅटमध्ये हसण्याचं चिन्ह टाकून गेलं होतं. पोरगी रडली नाही, पण त्या रात्री माझ्याशीही बोलली नाही.

शोध घेतला तेव्हा कळलं, की आलेला मुलगा हॅकर वगैरे काही नव्हता. तिच्या वर्गातल्या मैत्रिणीच्या फ्रेंड लिस्टमधला कुणीतरी होता. मैत्रिणीला विचारलं, तर ती म्हणते, "मला काय माहीत, कधीतरी रिक्वेस्ट आलेली, घेतली." चूक आमचीच होती. या खेळाच्या मोबाइल आणि विंडोजवरच्या आवृत्तीत जगाच्या सेटिंगमध्ये मल्टिप्लेअरचं पान असतं. तिथं तीन पर्याय आहेत : फक्त बोलावलेले, फक्त मित्र, आणि मित्रांचे मित्र. आमचं दार तिसऱ्या पर्यायावर होतं. आता हिशेब करा. यादीत 30 जण, आणि त्यांतल्या प्रत्येकाच्या यादीत आणखी 30. म्हणजे नऊशे तीस माणसांना आम्ही किल्ला उघडा ठेवला होता, आणि त्यांतले नऊशे आम्ही जन्मात पाहिलेले नव्हते.

त्याच पानावर आणखी एक सोय आहे, जी मला फार आवडली. येणाऱ्याला कुठवर येऊ द्यायचं ते ठरवता येतं. व्हिजिटर केलं तर तो हिंडून बघू शकतो, पण एक दगड हलवू शकत नाही. मेंबर केलं तर बांधू आणि फोडू शकतो. ऑपरेटर केलं म्हणजे घराच्या किल्ल्याच दिल्या. सोपा, माजघर आणि किल्ल्यांचा जुडगा, आपल्या वाड्यांचाच हिशेब आहे की हा! फक्त आपण प्रत्येकाला थेट माजघरात घेत होतो. शिवाय जगाची एक प्रत काढून ठेवायची सोयही आहे. ती आधी ठाऊक असती तर माझे तीन आठवडे वाचले असते.

अनोळखी माणसाचं एकवेळ सोपं आहे. अवघड जातो तो ओळखीचा. मी स्वतः रात्री कॉम्प्युटरवर तासभर खेळतो. दिवसभराच्या कटकटीनंतर मला एकट्याला गाडी चालवायची असते, बास. पण स्टीमवर, म्हणजे कॉम्प्युटरचे खेळ जिथं घेतात आणि खेळतात तिथं, मी आलो की मित्रांच्या यादीत माझ्या नावाचा रंग बदलतो, आणि दोन मिनिटांत मेव्हण्याचं आमंत्रण हजर. "दाजी, या की." नाही म्हणावं तर वाईट दिसतं, कोल्हापुरात तर फारच. एकदा तर आजारी म्हणून रजा टाकली, आणि दुसऱ्या दिवशी कचेरीतला मित्र म्हणाला, "ताप भारी होता वाटतं, गाडी बरीच पळवलीस." माझ्या प्रोफाइलवर मागच्या दोन आठवड्यांत किती तास खेळलो ते त्याला दिसत होतं.

याला इलाज आहे. स्टीममध्ये इनव्हिजिबल होता येतं, तुम्हाला सगळे दिसतात, तुम्ही कुणाला दिसत नाही. एक्सबॉक्स आणि प्लेस्टेशनवरही ऑफलाइन दिसायची सोय आहे. खेळाचे तास झाकायचे असतील तर प्रोफाइलच्या प्रायव्हसीत गेम डिटेल्स खाजगी करायचे. आता कुणी म्हणेल, घरात असून नाही म्हणायचं, ही फसवणूक झाली. मला नाही तसं वाटत. दुपारी दोन ते चार दाराला कडी असली म्हणजे घर कुणावर रुसलेलं नसतं. आणि एखाद्याला यादीतून काढलंच, तर त्याच्या नावानं कुठं दवंडी पिटली जात नाही. त्याला तसा निरोपही जात नाही. बहुतेकांच्या ते लक्षातही येत नाही, हे थोडं मनाला लागतं खरं.

मेव्हण्याला मात्र मी समोरासमोर सांगितलं. शनिवारी तुझ्यासंगं, बाकी दिवशी बोलवू नकोस. हसला आणि ऐकलं.

आता पोरांकडं वळू. बीजीएमआय किंवा फ्री फायर मॅक्स या मोबाइलवरच्या बंदुकांच्या खेळांत चौघांचा स्क्वॉड असतो. तीन दोस्त आणि चौथा रँडम, म्हणजे खेळानंच जोडून दिलेला अनोळखी, किंवा चौघंही रँडम. माइक चालू. पोराला वाटतं, आपण फक्त "भावा, डावीकडं गडी आहे" एवढंच बोलतोय. पण माइक सगळं घर ऐकवतो. मागं कुकरची शिट्टी होते. आजी पोराला पूर्ण नावानं हाक मारते. आई फोनवर सांगत असते, की हे उद्या पुण्याला जाणार, दोन दिवस आम्ही दोघंच आहोत. सगळं त्या चौथ्या गड्याच्या कानात. तेव्हा इयरफोन लावलेले असले तरी माइक बोलण्यापुरताच उघडावा, आणि रँडम खेळताना तर टीमचा माइक बंदच बरा.

दुसरं म्हणजे आयडीचं नाव. आमच्या गल्लीतल्या एकाच्या नावात एमएच 09 आहे, पुढं पेठेचं नाव आणि शेवटी जन्मसाल. गाडीच्या पाटीवर शोभतं ते. इथं जिल्हा, पेठ आणि वय, तिन्ही एका ओळीत जगाला कळलं. पेठेचा अभिमान शाहू स्टेडियमवर फुटबॉलच्या मॅचला दाखवा की, पाहिजे तेवढा!

वयाचं तर विचारू नका. बीजीएमआयमध्ये 18च्या आतल्यांना दिवसाला तीन तासांची मर्यादा घातली, म्हणून पोरं जन्मसाल 1990 टाकतात. कागदोपत्री आमची निम्मी गल्ली पस्तिशीची आहे. पण वय खोटं टाकलं की मर्यादेबरोबर संरक्षणही जातं. लहान मुलांच्या खात्यांना अनोळखी निरोप, चॅट, फ्रेंड रिक्वेस्ट यांवर बऱ्याच ठिकाणी आपोआप बंधनं असतात. पस्तिशीच्या माणसाला ती कोण लावेल? 2023च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात 18 वर्षांखालच्या मुलांची माहिती वापरायला पालकांची पडताळलेली संमती लागेल असं म्हटलंय. पोरगं कागदावर मूलच नसेल, तर संमती कुणाची मागणार?

आणि एक राहिलं. फुकट डायमंड देतो, यूसी देतो (ही खेळातली नाणी), आयडी दे, रँक वाढवून देतो, असं कुणी म्हणाला, किंवा "इथं नको, दुसऱ्या ॲपवर बोलू, घरी सांगू नकोस" म्हणाला, तर खेळ तिथंच थांबवायचा. स्क्रीनशॉट काढायचा, ब्लॉक करायचं, घरी सांगायचं. घरच्यांनी आधी ऐकून घ्यायचं, मोबाइल काढून घ्यायची धमकी नंतर. नाहीतर पुढच्या वेळी पोरगं सांगणारच नाही. पैसे गेले असतील तर 1930 वर लगेच फोन करा. मुलाला मदत हवी असेल तर 1098.

आमचा तीन दरवाजा आता पुन्हा उभा आहे. यावेळी पुतणीनं दार फक्त बोलावलेल्यांसाठी ठेवलंय, आणि कमानीबाहेर लाकडी पाटी ठोकलीय, "पावणं, कुठलं?" परवा शनिवारी मेव्हणा आला. तिनं त्याला व्हिजिटर केलं. कमानीखाली उभा राहून बराच वेळ तो दगड फोडायचा प्रयत्न करत होता. शेवटी चॅटमध्ये लिहिलं, "अगं, मी मामा!"

तिचं उत्तर आलं, "कुठलं?"

नमस्कार.